सोलापुरात पहिली ध्वनिकथा करताना: कुठून सुरुवात करायची आणि कुठे फसगत होते

कॅमेरा नाही, नटांना द्यायला पैसे नाहीत, पण गोष्ट सांगायची खुमखुमी आहे, अशी बरीच मंडळी आपल्याकडे आहेत. त्यांच्यासाठी हे लिहितोय. नुसता आवाज, बोलणं आणि शांतता यांवर सहा-सात मिनिटांची गोष्ट उभी राहते. तेवढ्याच लांबीची पहिली कथा करा. अर्ध्या तासाचा बेत आखणारे सहसा संहितेच्याच टप्प्यावर गळतात.

आकाशवाणीवर श्रुतिका ऐकत जे वाढले त्यांना यातलं अर्धं ठाऊकच असतं. फरक इतकाच की श्रुतिकेत भार संवादांवर असतो, आणि इथे तो जागांवर आणि वस्तूंवर टाकायचा. हे काम नवीनही नाही. १९३० साली वाल्टर रुटमान या जर्मन दिग्दर्शकाने चित्रपटाच्या फितीवर फक्त आवाज घेतले, कापले, जोडले, आणि बर्लिनमधल्या शनिवार-रविवारची सुमारे ११ मिनिटांची ‘वीकएंड’ नावाची चित्राविना फिल्म रेडिओवर ऐकवली. आज तुमच्या खिशातल्या मोबाईलमध्ये त्याच्यापेक्षा जास्त सोयी आहेत.

१. गोष्ट निवडा: न दिसण्याला कारण हवं

सगळ्यात जास्त वेळ इथे घालवा. पुढची निम्मी डोकेदुखी इथेच वाचते.

रेडिओसाठी म्हणून लिहिलेलं पहिलं नाटक मानतात ते १९२४ साली बीबीसीवर झालं. ब्रिटिश लेखक रिचर्ड ह्यूज यांनी ते कोळशाच्या खाणीत घडवलं, आणि सुरुवातीलाच खाणीतले दिवे घालवून टाकले. आता पात्रांनाही दिसत नाही आणि ऐकणाऱ्यालाही. चित्र नाही म्हणून तक्रार करायला जागाच उरत नाही.

आपल्याकडे तसंच काय आहे? मागाचा कारखाना घ्या. तिथे लाईट गेली की सिनेमात पडदा काळा होईल, बस्स. आवाजात मात्र उलटं घडतं. माग चालू असताना शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, आणि लाईट गेली की सगळंच ऐकू यायला लागतं. कुणाचा खोकला, बाहेरची रिक्षा, आणि मालक फोनवर जे ओरडून बोलत होता ते शेवटचं वाक्य. गोष्ट या शेवटच्या वाक्यात आहे. पुढचे सगळे टप्पे याच गोष्टीवर दाखवतो.

आणखी काही विषय चालतील. बिडी वळणारी, नजर गेलेली आजी, जिचे हात पान बरोबर कापतात. रात्री स्टेशनवर गाडीची वाट बघणारं आणि एकमेकांशी न बोलणारं जोडपं. वरच्या मजल्यावरच्या भाडेकरूला फक्त पावलांवरून ओळखणारा म्हातारा.

ज्या गोष्टीचा जीव चेहऱ्यावरच्या भावात, साडीच्या रंगात किंवा हातातल्या चिठ्ठीत आहे, ती सोडून द्या. ती कितीही चांगली असली तरी इथे तिचं वर्णन करत बसावं लागेल.

२. संहिता दोन रकान्यांत लिहा

एका रकान्यात शब्द, दुसऱ्यात आवाज. नियम एकच: तीच गोष्ट दोन्हीकडे यायची नाही. निवेदक म्हणतो, “तेवढ्यात दार वाजलं,” मग दार वाजतं, मग पात्र म्हणतं, “कोण आलं बरं, दार वाजलं वाटतं.” यातल्या तीनपैकी दोन गोष्टी खोडा.

पण उलट बाजूचाही सापळा आहे. आपल्याला वाटतं आवाज ऐकला की ओळखू येतो. येत नाही. उघड्यावरचा पाऊस आणि कढईतलं तळण रेकॉर्डिंगवर सारखंच लागतं. चुरगळलेली प्लास्टिकची पिशवी खुशाल जाळ म्हणून खपते. म्हणून अनोळखी आवाजाच्या आधी एखादा शब्द ठेवा, नंतर नको. “पत्र्याखाली घमेलं ठेव गं, गळतंय,” एवढं कुणी म्हटलं की पुढची भजीसुद्धा पाऊस वाटतील.

लाईट गेल्याच्या गोष्टीचा मधला तुकडा असा दिसेल:

आवाज: माग, आतून, अगदी जवळ. दहा सेकंद काहीच बोलणं नाही.
शब्द: (मालक, फोनवर, ओरडून) “ऐकू येईना ओ! मोठ्यानं बोला! हां... हां. सहा माग. दिवाळी झाली की काढून टाकायचे...”
आवाज: माग मंदावतात. दोन-चार ठोके घेऊन थांबतात.
शब्द: (मालक, अजून तेवढ्याच जोरात) “...पोरांना सांगितलं नाही अजून!”
आवाज: शांतता. बाहेर भाजीवाली. आत कुणीतरी धोटा लाकडावर ठेवतं.

निवेदक नाही, “सगळे स्तब्ध झाले” नाही. धोटा म्हणजे मागावर आडवा धागा इकडून तिकडे नेणारी शटल; तो ठेवल्याचा एक ‘टक्’ पुरतो.

जागा कळवायची तर तीही अशीच, कडेकडेने. “आम्ही सोलापुरात आहोत” असं कुणी म्हणत नसतं. स्टेशनवरची उद्घोषणा गावाचं नाव आपणहून घेते, आणि स्टँडवर कंडक्टर “अक्कलकोट, अक्कलकोट” ओरडत असतोच.

३. साहित्य जमवा

- मोबाईल, किंवा हातात धरायचा रेकॉर्डर. साधे रेकॉर्डर दहा हजारांच्या आसपास सुरू होतात. पहिल्या कथेला मोबाईल चालेल.
- असं रेकॉर्डिंग ॲप, ज्यात वेव फॉरमॅट (आवाज न दाबता जसाच्या तसा ठेवणारा) निवडता येतो आणि आवाजाची पातळी आपोआप वर-खाली करणारी सोय बंद करता येते.
- वायरचे हेडफोन. ब्लूटूथमध्ये आवाज उशिरा पोहोचतो, संपादन करताना वैताग येतो.
- माईकला वाऱ्यापासून झाकायला केसाळ टोपी. ती नसेल तर जाड मोजाही चालतो.
- कानात घालायचे बोळे, कारखान्यासाठी.
- वही. कुठला आवाज कुठे, किती वाजता घेतला, ते तिथल्या तिथे लिहायचं.
- संपादनासाठी संगणकावर ऑडॅसिटी (फुकट) किंवा रीपर (साठ दिवस वापरून बघता येतं).

मित्राने दुसरीकडे रेकॉर्ड केलेला आवाज व्हॉट्सॲपवर व्हॉइस नोट म्हणून मागवू नका, ती दाबून बारीक केलेली असते. तीच फाईल ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवायला सांगा, म्हणजे जशीच्या तशी येते.

४. परवानग्या आणि कागद

- ज्यांचा आवाज ओळखू येईल अशा प्रत्येकाचं संमतीपत्र. एक पान पुरे: कशासाठी, कुठे ऐकवणार, नाव घालायचं की नाही, नंतर नको वाटलं तर कुणाला सांगायचं. शहराच्या तेलुगूभाषिक पूर्व भागात काम करणार असाल तर हे तेलुगूतून वाचून दाखवणारं कुणीतरी सोबत न्या. सही घेतली म्हणजे समजलंच असं नाही.
- कारखाना किंवा दुकान असेल तर मालकाचं पत्र. तोंडी “या की ओ” मिळतंच, तरी लेखी घ्या.
- रेल्वे स्टेशनवर माईक काढायच्या आधी स्टेशन व्यवस्थापकांच्या कार्यालयात विचारा. देवस्थानात पंच कमिटीला किंवा ट्रस्टला.
- दुसऱ्याचे आवाज वापरलेत तर त्यांच्या परवान्याची नोंद. फ्रीसाउंडसारख्या साइटवर प्रत्येक फाईलचा परवाना वेगळा असतो. काही पूर्ण मोकळ्या, काहींना श्रेय द्यावं लागतं, काही पैसे कमावण्यासाठी वापरता येत नाहीत.

मागे सिनेमाचं गाणं वाजतंय, ते राहू दे की, असं वाटतं. राहू देऊ नका. आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं टिकतो. चहाच्या टपरीवरचा रेडिओ पाच मिनिटं बंद करायची विनंती केली तर लोक ऐकतात.

५. जागेवरचं रेकॉर्डिंग

मागाच्या कारखान्यात आधी बिनमाईकचं एकदा जाऊन या. धोट्याचा माग आणि रेपियर (बिनधोट्याचा) माग यांचा ठोका पूर्ण वेगळा असतो. एका कथेत दोन्ही मिसळले तर बाहेरगावच्याला कळणार नाही, पण आपल्या गावात हे ओळखणारे कान गल्लोगल्ली आहेत.

आत गेल्यावर कानात बोळे घाला. आठ तासांच्या पाळीसाठी कायद्याने ९० डेसिबलची मर्यादा आहे, आणि चालत्या मागांच्या शेडमध्ये ती सहज ओलांडली जाते. तुम्ही तासभरच असाल, पण हेडफोनमध्ये तोच आवाज वाढवून ऐकत असता.

एकच आवाज तीन ठिकाणांहून घ्या: मागापासून हातभर अंतरावर, कारखान्याच्या दारात, आणि बाहेर गल्लीत, भिंतीपलीकडून. प्रत्येकी दोन मिनिटं, मध्ये न बोलता, न हलता. सिनेमावाले जवळचा आणि लांबचा शॉट घेतात, ते काम इथे या तीन रेकॉर्डिंगनी होतं. बाहेरून आत, आतून जवळ असं गेलं की ऐकणारा चालत आत येतो.

ॲपमधल्या मापपट्टीवर शून्य म्हणजे कमाल मर्यादा. पातळी अशी ठेवा की सर्वांत मोठा ठोका तिथे उणे १२ डेसिबलच्या आसपास राहील. शून्याला धडकून फाटलेला आवाज कुठल्याही सॉफ्टवेअरने धड होत नाही.

आता खरा सापळा. मोबाईलचं नेहमीचं ॲप आवाज मोठा झाला की आपोआप दाबतं आणि शांत झालं की उचलतं. म्हणजे माग थांबले रे थांबले की ॲप पातळी चढवतं, आणि तुम्हाला हवी असलेली शांतता घरघर करत मोठी होते. आपली गोष्ट नेमकी त्या क्षणावर उभी आहे. म्हणून वर लिहिलेली सोय बंद करता येणारं ॲप लागतं. निघण्याआधी घरी मिक्सर लावून आणि बंद करून तपासा.

माग थांबल्याचा आवाज हवा म्हणून “दोन मिनिटं बंद करा ना” म्हणू नका. विणकराची मजुरी कामावर असते, तुमच्या दोन मिनिटांचे पैसे त्याचे जातात, आणि धागा तुटला तर वेगळाच उद्योग. जेवणाची सुट्टी किंवा पाळी बदलायची वेळ विचारून ठेवा आणि तेव्हा तयार राहा.

निघताना प्रत्येक जागेची एक मिनिट नुसती शांतता घ्या. कारखान्याची, ओसरीची आणि बंद खोलीची शांतता एकसारखी नसते. संपादनात हीच फाईल सर्वांत जास्त कामाला येते, आणि नवखे हमखास हीच विसरतात.

गड्ड्याच्या, म्हणजे सिद्धेश्वराच्या यात्रेबद्दल वेगळं सांगतो, कारण जानेवारी आला की सगळे तिकडेच धावतात. अक्षता सोहळ्याच्या जागी, संमती कट्ट्यावर, “सत्यम सत्यम, दिड्डम दिड्डम” सुरू होतं आणि अक्षता पडतात, तो आवाज खरोखर दुसरीकडे मिळत नाही. पण लाउडस्पीकरखाली उभं राहिलात तर फक्त स्पीकर रेकॉर्ड होतो. कर्ण्याकडे पाठ करून, गर्दीत, छातीच्या उंचीवर माईक धरा. बाजूच्या माणसाने हळूच म्हटलेलं “हर्र बोला हर्र” त्या कर्ण्यापेक्षा मोलाचं आहे.

६. माणसांचा आवाज

एरवी “काय करलालास बे” म्हणणारा माणूस माईक दिसला की “आम्ही येथे पंचवीस वर्षांपासून कार्यरत आहोत” असं सुरू करतो. त्याला दोष नाही, आपणच तसा प्रश्न विचारलेला असतो. “तुमच्या व्यवसायाबद्दल सांगा” ऐवजी “काल लाईट गेली तेव्हा काय केलं?” असं विचारा. आणि हात रिकामे नकोत. कांड्या भरता भरता, पानं कापता कापता बोलू द्या. हातातल्या कामाचा आवाजही आपसूक मिळतो. बिडीचं पान पत्र्याचा साचा ठेवून कात्रीने कापतात. ती कचकच, आणि वाक्याच्या मध्येच तिचं थांबणं, यातून बाई बोलायचं टाळतेय हे न सांगता कळतं.

माईक तोंडासमोर धरू नका. वीतभर अंतरावर, थोडा बाजूला. मराठीत भ, फ, ध, ख यांचा भरणा मोठा, आणि या प्रत्येक अक्षराबरोबर हवेचा झोत माईकवर आदळतो.

नट घेणार असाल तर एक सूचना. नाट्यस्पर्धांत काम केलेले लोक आपल्याकडे भरपूर आहेत, पण त्यांचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत फेकायची सवय असलेला. त्यांना सांगा, “कानात सांगितल्यासारखं बोला.” आकाशवाणीची स्वरचाचणी दिलेलं कुणी ओळखीचं असेल तर त्यांना आधी विचारा. माईकपासून कधी मागे सरायचं हे त्यांच्या अंगात मुरलेलं असतं.

भाषेची काळजी करू नका. एकाच गल्लीत तेलुगू, कन्नड, मराठी आणि दखनी ऐकू येत असेल तर ते साफ करून नुसती मराठी ठेवण्यात काही अर्थ नाही. १९६७ साली ग्लेन गूल्ड या पियानोवादकाने कॅनडाच्या रेडिओवर माणसांची बोलणी एकावर एक रचून कार्यक्रम केला होता. प्रत्येक शब्द कळावा अशी त्याची अपेक्षाच नव्हती. कोण चिडलंय, कोण समजूत घालतंय, हे सुरावरून समजतं. फक्त गोष्ट ज्या वाक्यावर वळते ते वाक्य एकटं, स्वच्छ आणि मराठीत ठेवा.

७. घरातलं रेकॉर्डिंग

जागेवर न मिळालेले जवळचे आवाज आणि नटांचे संवाद घरी करा. खोलीचा घुमारा मारायला कोपऱ्यात दोरी बांधून चादरी टाका. सोलापुरी चादर इथे कामाची आहेच, पण खरं सांगायचं तर वाकळ तिच्यापेक्षा बरी, जाड जास्त. दोन्हीमुळे वरच्या पट्टीतला घुमारा जातो. खालची घरघर, म्हणजे फ्रिज आणि पाण्याची मोटर, मात्र बंदच करावी लागते.

पंखाही बंद. मे महिन्यात हे प्रकरण सोपं नाही, म्हणून दहा-दहा मिनिटांचे तुकडे पाडा, नाहीतर पहाटे पाचला उठा.

आवाज तयार करताना वस्तू खरी असायलाच हवी असं नाही. कडक भाकरी माईकजवळ मोडली की वाळकी काटकी मोडल्याचा झकास आवाज येतो. रेकॉर्डिंगनंतर शेंगा चटणीबरोबर पुरावा नष्ट करता येतो.

८. जोडणी

तीन पट्ट्या (ट्रॅक) करा: बोलणं, जवळचे आवाज, जागा. आधी जागेची पट्टी सलग अंथरा, मग बाकीचं.

- बोलण्याच्या पट्टीवर ८० हर्ट्झखालचे, म्हणजे अगदी खर्जातले आवाज कापा. विजेचा ५० हर्ट्झचा गुणगुणाट त्याने बराच कमी होतो.
- लांबचा आवाज म्हणजे नुसता बारीक केलेला आवाज नव्हे. लांबून येताना त्याची वरची धार जाते आणि खोलीचा घुमारा वाढतो. म्हणून तर तीन अंतरांवरून घेतलं.
- शांतता हवी तिथे पट्टी कोरी सोडू नका. पूर्ण कोरी जागा आली की ऐकणारा मोबाईल हातात घेऊन बघतो, बंद पडलं की काय. तिथे ती एक मिनिटाची नुसती शांतता घाला.
- गोंगाट कमी करणारा इफेक्ट जरा जास्त झाला की माणूस पाण्याखालून बोलल्यासारखा वाटतो. थोडा गोंगाट परवडला.
- पार्श्वसंगीत शेवटी विचारात घ्या. माझं मत विचाराल तर पहिल्या कथेत नकोच. सारंगी वाजली की दुःख आहे हे ऐकणाऱ्याला कळतं, आणि मग तो आवाजांकडे लक्ष देणं सोडतो.

शेवटी ऑडॅसिटीतल्या लाउडनेस नॉर्मलायझेशनने स्टिरिओ फाईल उणे १६ एलयूएफएसवर (हे सगळ्या फाईलचा आवाज एकंदर किती मोठा लागतो त्याचं माप) आणा, मोनो असेल तर उणे १९ वर. नंतर माग चालू असलेला भाग पुन्हा ऐका. तो संवादापेक्षा मोठा हवाच, पण ऐकणाऱ्याने हेडफोन काढून फेकावा इतका नको.

९. आधी दोघा-तिघांना ऐकवा

“कसं वाटलं?” विचारू नका, सगळे “छान” म्हणतात. “काय झालं ते सांग,” म्हणा. तो जिथे अडखळेल तिथे संहिता दुरुस्त करायची. एकाला हेडफोनवर, दुसऱ्याला मोबाईलच्या स्पीकरवर ऐकवा. स्पीकरवर खालच्या पट्टीतले आवाज गायबच होतात. गोष्टीचा मुख्य आवाज त्यातला असेल तर तो बदला.

ज्यांचा आवाज वापरलाय त्यांना प्रसिद्ध करण्याआधी पूर्ण कथा ऐकवा. नुसता त्यांचा तुकडा नको, त्याच्या आगेमागे काय जोडलंय हे त्यांना कळायला हवं. सुट्टीच्या दिवशी, घरी जाऊन. कारखान्यात ऐकू येत नाही.

१०. लोकांपुढे ठेवणं

सामूहिक ऐकण्याचा कार्यक्रम करायचा तर हुतात्मा स्मृती मंदिराएवढं मोठं सभागृह पहिल्या खेपेला नको. शाळेचा वर्ग, वाचनालयाची खोली पुरे. खुर्च्या एका दिशेला लावू नका, बघायला समोर काही नाहीच. दिवे मंद करा, पूर्ण अंधार केला तर लोक चुळबुळतात. उन्हाळा टाळा, कारण पंखे चालू राहिले तर अर्धे आवाज गेले, आणि बंद केले तर माणसं गेली. गच्चीवर करणार असाल तर रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर स्पीकर चालत नाही, २००० सालच्या नियमांनुसार. कार्यक्रम साडेनऊला संपेल असा लावा.

ऑनलाईन टाकताना गंमत अशी की चित्राविना केलेल्या कथेलाही चित्र मागतात. ॲपल पॉडकास्टला किमान १४०० बाय १४०० पिक्सेलचं चौकोनी मुखपृष्ठ लागतं, यूट्यूबला तर व्हिडिओच लागतो. एका रंगाची चौकट आणि त्यावर कथेचं नाव, एवढंच ठेवा. मागाचा फोटो टाकलात तर पहिल्या दहा सेकंदांतली उत्सुकता गेली. वर्णनात पहिल्या ओळीत “हेडफोन लावून ऐका” लिहा, आणि खाली तेलुगू-कन्नड संवादांचा मराठी अर्थ द्या, ज्यांना हवा ते वाचतील.

मूळ वेव फाईल्स दोन वेगळ्या ठिकाणी ठेवा आणि प्रत्येकीला जागा, अंतर आणि तारीख असलेलं नाव द्या. “न्यू रेकॉर्डिंग ४७” मध्ये माग होता की मिक्सर, हे पुढच्या कथेच्या वेळी कुणालाच आठवत नाही.